मान का वळते?

(मंडळाच्या वर्धापनदिनी एका सदस्या भगिनीने केलेले भाषण. अनेकींच्या आग्रहावरून ते येथे छापले आहे.)



 चिटणीसबाई म्हणाल्या होत्या, "बाई, तुम्ही चौतीस वर्षे शाळेत शिकवलेत, तेव्हा मुलांच्या अभ्यासाविषयी काहीतरी सांगा." विषय चांगलाच होता. परंतु मी त्यांना म्हटले, अभ्यासावर बोलणाऱ्या पुष्कळजणी मिळतील. यंदा मी माझ्या मानेवर बोलते. त्या हसल्या, आणि आता तुम्हीही हसलात. हसू येण्यासारखेच आहे. पण या मानेने माझ्या आयुष्याची अडीच वर्षे खाल्ली. तिला काय झाले आहे हे मला, घरच्यांना आणि शेजारणींना वेळीच कळते, तर ती वर्षे वाचली असती. तुमच्यापैकी कुणाची, किंवा तुमच्या ओळखीच्या कुणाची, अशी वर्षे वाचावीत एवढ्यासाठी मी उभी आहे.

मी डॉक्टर नाही, हे आधीच सांगते. मी सांगेन त्यात माझा अनुभव आहे, आणि जे शास्त्र आहे ते मी माझ्या डॉक्टरीणबाईंकडून समजून घेतले आहे.

गोष्ट २०११ च्या दिवाळीनंतरची. मी सत्तेचाळीस वर्षांची होते. फळ्यावर लिहून वर्गाकडे वळले की माझी मान डाव्या बाजूला थोडी जास्तच जाई. प्रथम मला ते कळलेच नाही. कळले ते मुलांना. उजव्या बाजूच्या बाकावरची एक मुलगी म्हणाली, "बाई आमच्याकडे बघतच नाहीत." मी तिला दटावले आणि हट्टाने उजवीकडे पाहू लागले. पाहता येत होते, पण कुणीतरी हनुवटी धरून हळूच डावीकडे नेत आहे असे वाटे. सोडली की मान गेलीच. पुढे पुढे तिला बारीक हिसके बसू लागले. डावा खांदा वर चढला. संध्याकाळपर्यंत मानेत आणि खांद्यात अशी कळ भरे की, कणीक मळतानासुद्धा डोळ्यांत पाणी येई.

आपल्याकडे मान धरली की पहिला आरोप उशीवर होतो. उशी चुकली, उसण भरली, लचकली. मीही तेच म्हटले. उशी बदलली, मग उशीच काढून टाकली. शेक घेतला, लेप लावले. आमच्या जाऊबाईंनी गावाकडून एक पायाळू माणूस आणला. पायाळूचा पाय लागला की उसण जाते, असा समज तुम्हाला ठाऊक आहेच. त्याने बिचाऱ्याने तीनदा पाय लावला आणि चहा पिऊन गेला. मान होती तिथेच राहिली.

मग दवाखाने झाले. एका ठिकाणी फोटो काढला आणि मणक्यांची झीज आहे असे सांगितले. पन्नाशीच्या आसपास बहुतेकांच्या मानेच्या फोटोत थोडीफार झीज दिसतेच, हे मला फार नंतर समजले. गळ्यात पट्टा आला. पट्ट्यातसुद्धा मान वळायचा प्रयत्न करी आणि हनुवटीखाली कातडी सोलवटे. वजने लावून मान ताणण्याचा उपाय झाला. एका मालीशवाल्याने मान कडकन मोडून देतो म्हणून दोन्ही हातांनी धरली; नशिबाने मी ओरडले आणि त्याने सोडली. नशिबाने म्हणते, कारण मेंदूकडे रक्त नेणाऱ्या वाहिन्या मानेतूनच वर जातात. मानेला असा अवचित झटका दिल्याने वाहिनी फाटून अर्धांगवायू झाल्याची उदाहरणे वैद्यकात नोंदलेली आहेत. न्हाव्याच्या दुकानात हौसेने मान मोडून घेणाऱ्या आपल्या मुलांना आणि यजमानांना हे अवश्य सांगा.

शरीराचे उपाय संपले, तेव्हा मनाचे सुरू झाले. कुणी म्हणाले, बाईंनी मनाला लावून घेतले आहे. कुणी म्हणाले, वय अडनिडे आहे, होईल बरे. एका डॉक्टरांनी तर सरळ सांगितले, "तुम्हीच मान वळवता, वळवू नका." भगिनींनो, ते ऐकून मी घरी येऊन आरशासमोर उभी राहिले आणि मान वळवायची नाही असे स्वतःला बजावले. जितके बजावले तितकी ती अधिक वळली.

आणि सर्वांत शेवटी, २०१३ च्या पावसाळ्यात, मला एका देवऋषीकडे नेले. मी शिकलेली, शिकवणारी बाई, मी गेले. दुखणे माणसाला कुठे नेऊन बसवते पाहा. करणी झाली म्हणाला. उतारा सांगितला, अंगारा दिला, गळ्यात ताईत बांधला. त्याच श्रावणात, २० ऑगस्टला, डॉ. नरेंद्र दाभोलकरांची पुण्यात हत्या झाली. ते याच साताऱ्यात १९४५ साली जन्मले, सांगलीच्या विलिंग्डन महाविद्यालयात आणि मिरजेच्या वैद्यकीय महाविद्यालयात शिकले, साताऱ्यात त्यांनी डॉक्टरकी केली आणि १९८९ साली महाराष्ट्र अंधश्रद्धा निर्मूलन समिती उभी केली. ती बातमी आली तेव्हा माझ्या गळ्यात तो ताईत होता. मला स्वतःची लाज वाटली. त्या संध्याकाळी मी ताईत काढला. त्याच वर्षाच्या डिसेंबरात जादूटोण्याविरुद्धचा कायदा विधिमंडळाने मंजूर केला. भूत काढण्याच्या नावाखाली माणसाला बांधणे, मारणे, मिरचीची धुरी देणे हा आता महाराष्ट्रात गुन्हा आहे. माझ्यावर तसे काही झाले नाही. परंतु ज्या बाईची मान आपोआप फिरते, डोके हलते, ती खेड्यात कुणाच्या हाती सापडली तर तिचे काय होत असेल, याचा विचार मी तेव्हापासून करते.

इलाज मिळाला तो माहेरी. २०१४ च्या फेब्रुवारीत मी सांगलीला दादाकडे गेले होते. वहिनी म्हणाल्या, "वन्सं, इतके केलेत, आता एकदा मिरजेला दाखवून येऊ." मिरजेचा लौकिक तुम्हाला सांगायला नको. डॉ. वॉनलेस १८८९ साली हिंदुस्थानात आले, १८९४ मध्ये तिथे त्यांचे मिशन हॉस्पिटल उभे राहिले आणि तेव्हापासून कृष्णाकाठचा रोगी हरला की मिरजेची वाट धरतो. पुढे १९६२ साली तिथे सरकारी वैद्यकीय महाविद्यालयही झाले. आम्ही गेलो ते मात्र एका खासगी दवाखान्यात, मेंदू आणि मज्जासंस्थेच्या तज्ज्ञ डॉक्टरांकडे. अशा डॉक्टरांना न्यूरॉलॉजिस्ट म्हणतात. माझ्या लेकीच्या वयाची मुलगी होती. माझ्या फायलींचा गठ्ठा तिने बाजूला ठेवला आणि पाच मिनिटे नुसते माझ्याकडे पाहिले. मग तिने दोन प्रश्न विचारले.

पहिला प्रश्न यांना विचारला, "काका, काकूंची मान झोपेत कशी असते?" हे म्हणाले, "झोपेत अगदी सरळ असते. सकाळी उठल्यावरही अर्धा-पाऊण तास बरी असते."

दुसरा मला. "काकू, तुम्ही मघापासून पदराचे टोक हनुवटीला का लावून बसलात?"

मी चपापले. मला ती सवय लागली होती खरी. हनुवटीला किंवा गालाला बोट नुसते टेकले की मान काही वेळ सरळ राही. जोर लावावा लागत नसे, नुसता स्पर्श पुरे होई. लोकांना तो माझा नखरा वाटे, म्हणून मी पदराआड लपवून करीत असे. मी ते कबूल केले, आणि ती मुलगी हसून म्हणाली, "काकू, तुमचा आजार मला तुमच्या या बोटानेच सांगितला. याला सर्व्हायकल डिस्टोनिया म्हणतात. तुम्हाला वेड लागलेले नाही, तुम्ही ढोंग करत नाही, आणि तुमच्यावर कुणी काही केलेले नाही."

अडीच वर्षांनी मला माझ्या दुखण्याचे नाव मिळाले. मी तिच्या टेबलावर डोके टेकून रडले.

आता हा विकार काय आहे ते सांगते.

ताक घुसळताना रवीची दोरी आपण दोन्ही हातांत धरतो. उजवा हात ओढतो तेव्हा डावा सैल सोडतो. डावा ओढतो तेव्हा उजवा सोडतो. म्हणून रवी सुरेख फिरते. दोन्ही हातांनी एकदम ओढले तर? रवी अडेल, हिसके देईल, किंवा ज्या हाताचा जोर जास्त त्या बाजूला खेचली जाईल. मानेचे तसेच आहे. मानेच्या दोन्ही बाजूंना लहानमोठे पुष्कळ स्नायू आहेत. एकाने ओढावे, समोरच्याने सोडावे, असा हुकूम मेंदूतून येतो. मेंदूच्या खोल भागात हालचालींचे हे तंत्र सांभाळणारी केंद्रे आहेत. त्यांच्या कामात बिघाड झाला की ओढ आणि सोड यांचा मेळ बिघडतो. नको ते स्नायू ओढू लागतात आणि मान त्यांच्या मागे जाते. म्हणजे दुखते मान, परंतु बिघाड मानेत नाही, हुकुमात आहे. यामुळेच उशी, शेक, पट्टा यांनी तो जात नाही.

यात एक गंमतही आहे. माझी मान डावीकडे वळते म्हणून सगळे माझी डावी बाजू चोळत. वास्तविक कानामागून निघून गळ्याखालच्या हाडापर्यंत येणारा जो दोरीसारखा स्नायू आहे, त्यातला उजवा ओढला की तोंड डावीकडे फिरते. माझा उजवा स्नायू मनगटासारखा फुगला होता आणि कुणी तिकडे पाहिलेच नव्हते.

कुणाची मान बाजूला वळते, कुणाची खांद्याकडे कलते, कुणाची पुढे वाकते, कुणाची मागे ओढली जाते. पुष्कळांत यांची भेसळ असते. काहींचे डोके 'नाही नाही' म्हटल्यासारखे हलत राहते. बहुतेकांना वेदना असतात. चिंता, दगदग, जागरण, चारचौघांत जाण्याचा ताण यांनी ओढ वाढते. उताणे पडले, डोके मागे टेकले, झोप लागली की ती शमते. आणि माझ्या पदराच्या टोकासारखी युक्ती पुष्कळांना आपोआप सापडलेली असते. कुणी गालाला बोट लावते, कुणी डोके भिंतीला टेकते. हे ढोंग नव्हे, हे या आजाराचेच लक्षण आहे.

हा आजार बहुधा चाळिशी ते साठीच्या दरम्यान सुरू होतो आणि पुरुषांपेक्षा बायकांत अधिक दिसतो. काही घराण्यांत तो एकाहून अधिक माणसांना होतो, परंतु बहुतेकांत कारण सापडत नाही. तो लागट नाही, त्याने बुद्धी जात नाही, आयुष्यही सहसा कमी होत नाही. डोळे आपोआप घट्ट मिटणे किंवा लिहायला बसले की हात आखडणे, हे त्याचेच भाईबंद आहेत. डिस्टोनिया हा शब्द १९११ साली ओपेनहाइम नावाच्या जर्मन डॉक्टरांनी दिला. तरीही नंतर कित्येक वर्षे युरोप-अमेरिकेतसुद्धा याला मनाचाच विकार समजत. तेव्हा आपल्या पायाळूला आणि जाऊबाईंना मी फारसा दोष देत नाही.

याची रक्ताची तपासणी नाही. फोटो किंवा एम.आर.आय. काढतात तो दुसरे काही नाही ना हे पाहण्यासाठी. ओळख पटते ती जाणत्या डॉक्टरच्या नजरेने. म्हणून योग्य डॉक्टरकडे जाणे हीच निम्मी लढाई आहे.

मात्र प्रत्येक वाकडी मान म्हणजे हा आजार नव्हे. रात्रीतून मान धरली आणि चार-आठ दिवसांत सुटली, तर ती साधी उसण. तान्ह्या मुलाची मान एकीकडे कललेली असेल तर तो निराळा प्रकार. मुलांच्या डॉक्टरांना लवकर दाखवावे, बहुधा व्यायामाने सुधारते. ताप, उलट्या, डोकेदुखी यांबरोबर मान ताठली, किंवा पडल्या-आपटल्यावर मान वाकडी झाली, तर क्षणाचाही उशीर न करता रुग्णालय गाठावे.

आणखी एक गोष्ट आयांनी तर गाठीला बांधून ठेवावी. उलटी थांबवण्याची काही औषधे आणि मनोविकारावरची काही औषधे यांनी एखाद्याची मान, जीभ, जबडा किंवा डोळे काही तासांत किंवा एक-दोन दिवसांत अचानक वाकडे होतात. लहान मुले आणि तरुण यांत हे अधिक घडते. घरात हाहाकार उडतो, बाधा झाली म्हणून धावाधाव होते. अशा वेळी घेतलेल्या औषधाची चिठ्ठी आणि पाकीट घेऊन सरळ दवाखान्यात जावे; योग्य इंजेक्शनाने बहुधा थोड्याच वेळात आराम पडतो. पण मनोविकाराचे औषध आपल्या मनाने बंद करू नये, डॉक्टरांना विचारूनच काय ते करावे.

आता उपचार. मुख्य उपचार ऐकून मी घाबरले होते, तुम्हीही घाबराल. कारण ते एक विष आहे.

नासलेल्या मांसात एक जंतू वाढतो, त्याचे विष जगातल्या अतिजहाल विषांपैकी आहे. १८२० च्या सुमारास जर्मनीत युस्टिनुस केर्नर नावाच्या डॉक्टरांनी मांसाच्या सॉसेजमधून होणाऱ्या विषबाधेचे बारकाईने वर्णन केले. त्यात माणसाचे स्नायू लुळे पडत. केर्नरांनी तेव्हाच लिहून ठेवले की, हे विष बेताने वापरले तर औषध होऊ शकेल. १८९५ साली बेल्जियममधल्या एका खेड्यात अंत्यविधीला आलेल्या वादकांना हॅम खाऊन विषबाधा झाली. त्याच्या तपासात व्हान एर्मेंगेम या शास्त्रज्ञांनी तो जंतू शोधून काढला. पुढे अमेरिकेत अ‍ॅलन स्कॉट या नेत्रवैद्यांनी या विषाचा अगदी सूक्ष्म अंश तिरळ्या डोळ्यांच्या स्नायूत टोचून पाहिला आणि १९८० साली आपले अनुभव प्रसिद्ध केले. ओढणारा स्नायू सैल पडला आणि डोळा सरळ झाला. मग वाकड्या मानेवरही तोच प्रयोग कॅनडात झाला, तो १९८५ च्या सुमारास. २००० साली अमेरिकन सरकारने मानेच्या या विकारासाठी त्याला रीतसर मान्यता दिली. याचे नाव बोट्युलिनम टॉक्सिन. चेहऱ्यावरच्या सुरकुत्या घालवायला सिनेमातली मंडळी जे इंजेक्शन घेतात म्हणून आपण ऐकतो, ते हेच.

आपल्याला यात नवल वाटू नये. बचनागासारखे विष आपले वैद्य शुद्ध करून वापरतात. बिब्बा जपून लावला तर औषध, बेफिकिरीने लावला तर अंगभर फोड. सारे मात्रेत आणि हातात आहे.

ही इंजेक्शने स्नायू पाहून, काही वेळा यंत्राने तपासून, नेमक्या जागी देतात. माझ्या मानेत एका वेळी सहा-सात ठिकाणी टोचतात. दुखते, पण बाळंतीण झालेल्या बाईने कुरकुर करावी इतके नाही. गुण लगेच येत नाही. काही दिवसांनी, कधी दोन आठवड्यांनी मान हलकी वाटू लागते. महिना-दीड महिन्यात पुरता गुण दिसतो आणि सुमारे तीन महिन्यांनी तो ओसरतो. मग पुन्हा इंजेक्शन. कारण रवीची दोरी आपण सैल केली, ओढणाऱ्या हाताला शहाणे केलेले नाही. २०१४ पासून माझे हे वर्षातून चार वेळा चालले आहे. पहिल्या खेपेला फारसा गुण आला नव्हता. मी निराश झाले होते. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, मात्रा आणि जागा बसायला दोन-तीन खेपा लागतात. तसेच झाले. म्हणून पहिल्या खेपेवरून निकाल देऊ नका.

याचे तोटेही सांगायला हवेत. एकदा मला आठ-दहा दिवस घास गिळताना त्रास झाला आणि मी मऊ भात व ताकावर राहिले. मान थोडी अशक्त वाटू शकते, तोंड कोरडे पडते. गिळणे फारच अवघड झाले किंवा श्वास लागला, तर ताबडतोब रुग्णालयात जायचे असते. दिवस गेलेल्या किंवा अंगावर पाजणाऱ्या बाईने, आणि स्नायूंच्या दुबळेपणाचा दुसरा आजार असलेल्याने, ते डॉक्टरांना आधी सांगावे. हे इंजेक्शन ब्यूटी पार्लरात घ्यायची वस्तू नव्हे, हे तर सांगायलाच नको.

गोळ्याही आहेत. त्यांनी काहींना थोडा आराम पडतो, परंतु झोप येणे, तोंड कोरडे पडणे, बद्धकोष्ठता आणि उतारवयात विसरभोळेपणा हे त्रास होतात; आणि त्या एकदम बंद करायच्या नसतात. व्यायाम शिकवणाऱ्या फिजिओथेरपिस्टची जोड इंजेक्शनाला दिली तर चांगला उपयोग होतो. एवढ्यानेही भागले नाही तर मेंदूत बारीक तारा बसवून त्यांना गळ्याखालच्या कातडीत ठेवलेल्या बॅटरीतून मंद विद्युतप्रवाह देण्याची शस्त्रक्रिया आहे. मुंबई, बंगळूर, तिरुवनंतपुरम अशा मोठ्या ठिकाणी ती होते. ती सर्वांना लागत नाही, आणि तिचा गुण यायलाही काही महिने जातात. काही थोड्या रोग्यांना, बहुधा पहिल्या काही वर्षांत, आपोआप आराम पडतो. परंतु त्यांतल्या पुष्कळांचे दुखणे पुढे परत येते.

राहता राहिला पैशाचा प्रश्न, आणि तो लहान नाही. इंजेक्शन महाग आहे. पहिल्या वर्षी मी माझ्या दोन बांगड्या मोडल्या. यांनी विचारलेसुद्धा नाही, नुसते सराफाकडे बरोबर आले. पण प्रत्येकीकडे बांगड्या नसतात. ज्यांना झेपत नाही त्यांनी सरकारी वैद्यकीय महाविद्यालयाच्या रुग्णालयात जाऊन विचारावे. तिथे समाजसेवा अधीक्षक असतात, मदत कुठून मिळेल हे ते सांगतात. आपल्या सांगली-मिरज, कराड, साताऱ्यात आता मेंदूविकाराचे डॉक्टर आहेत. पुण्यामुंबईला जावे लागले तरी कुठे जायचे हे त्यांच्याकडूनच कळते.

भगिनींनो, औषधाचे सांगून झाले. आता जे सांगायला मी आज उभी राहिले ते सांगते.

त्या अडीच वर्षांत मी या मंडळात आले नाही. २०१२ च्या हळदीकुंकवाला मी आले होते, ते शेवटचे. त्या दिवशी माझ्या उजव्या हाताला एक भगिनी बसल्या होत्या. त्या माझ्याशी बोलत होत्या आणि माझे तोंड होते डावीकडे. मी ऐकत होते, उत्तरेही देत होते, पण मान वळेना. त्या उठून गेल्या. दुसऱ्या दिवशी मोती चौकात भाजी घेताना कानांवर आले, "बाईंना फार गर्व झालाय, तोंड फिरवून बसतात." मी तिथल्या तिथे पिशवी घेऊन घरी आले. त्यानंतर वाणसामान हे आणीत. शाळेत जाताना मी डोक्यावरून पदर घट्ट घेई. लग्नांना जायचे सोडले. पुतणीच्या लग्नाच्या फोटोत मी नाही. मी स्वयंपाकघरात बसले होते. कळ सोसता येते हो. आपण मान फिरवली म्हणून कुणाचा मान राहिला नाही, असे लोकांना वाटते आहे आणि आपल्याला समजावून सांगता येत नाही, हे सोसवत नाही.

२०१४ च्या नवरात्रात, तिसऱ्या इंजेक्शनानंतर, मी पुन्हा मंडळात आले. त्या भगिनी दारातच भेटल्या. मी त्यांना बाजूला घेऊन सगळे सांगितले. त्या काही बोलल्या नाहीत. आत गेल्यावर त्यांनी आपली खुर्ची उचलली आणि माझ्या डाव्या बाजूला आणून ठेवली. आजही त्या तिथेच बसल्या आहेत. त्यांचे नाव मी सांगत नाही. त्यांना ते आवडणार नाही.

मला एवढेच मागायचे आहे. ज्या बाईची मान कलली आहे, डोके हलते आहे, तिला "अशी काय मान करतेस?" असे विचारू नका. "सरळ धर ना" असे म्हणू नका. तिने ते हजार वेळा करून पाहिलेले असते. तिच्या बोटाला, पदराला, भिंतीला टेकण्याला हसू नका. तिचे तोंड जिकडे वळते तिकडे जाऊन बसा. आणि महिना-दोन महिने झाले तरी मान सरळ होत नसेल, तर तिला देवऋषीचा पत्ता देऊ नका, मेंदूविकाराच्या डॉक्टरचा द्या. एकटी जायला ती घाबरेल, तिच्याबरोबर जा. माझ्या वहिनी माझ्याबरोबर आल्या नसत्या, तर मी आजही पदराआड बसले असते.

माझी मान पुरती बरी झालेली नाही. आता इंजेक्शनाचा तिसरा महिना चालू आहे, तेव्हा ती थोडी डावीकडे गेलेली तुम्हाला दिसतच असेल. उजवीकडे बसलेल्या भगिनींनी राग मानू नये. माझे लक्ष तुमच्याकडेच आहे.